कलमुरात हरला ते रीळ

व्हॅन थांब्यावर लावली तेव्हा समोरच्या बाकावर आमच्या गल्लीतले म्हातारे बसलेले दिसले. सगळ्यांनी डोक्यावर धुतलेले लोकरी कलपाक घातले होते. ही माणसं थांब्यावर कधी येत नाहीत. माझा चुलतभाऊ बेकबो उठून खिडकीशी आला.

"किल्ली दे," तो म्हणाला.

"माणसं उतरायची आहेत अजून."

"उतरतील. तू किल्ली दे."

आमच्याकडे मरणाची बातमी एकट्याने सांगत नाहीत, आणि सरळ तर नाहीच. माणसाला आधी बसवतात, चहा देतात, मग इकडचंतिकडचं बोलत जवळ येतात. मला चहाच्या टपरीत नेलं. खिंडीत बर्फ पडलं का, म्हणून विचारलं. खिंडीपलीकडे कोचकोरला गवत कसं आहे, विचारलं. मी सगळ्याची उत्तरं दिली. मग त्यांच्यातला सगळ्यात थोरला म्हणाला, "जुमादिल, पक्षी आहे तोवर घरटं. पक्ष्याला काय, उडायचंच असतं."

"बुरुल?" मी विचारलं.

बेकबोने कप माझ्याकडे सरकवला.

"चहा पी," बेकबो म्हणाला.

मी चहा प्यालो. का प्यालो, सांगता येत नाही. बुरुल सकाळी स्वयंपाकघरात स्टुलावर बसून बटाटे सोलत होती आणि तशीच भिंतीला टेकली. शेजारणीने पाहिलं तेव्हा सुरी हातातच होती.

माझी बायको बुरुलकान कॅमेऱ्यावर काम करायची. जुन्या स्टुडिओत ती लागली तेव्हा तिथे बाई म्हणजे कपडे सांभाळणारी, नाहीतर फिल्म धुणारी. ही कॅमेरा उचलायची. मी स्टुडिओची जीप चालवायचो. लग्न त्यातूनच झालं. स्टुडिओने तिला खेळाडूंच्या जीवनकथांवर लावलं, कारण ते काम दुसऱ्या कोणाला नको होतं. मोठ्या कॅमेरावाल्यांना नटनट्या हव्या असत. मग बुरुलने जन्मभर तेच केलं. मेंढ्या राखता राखता धावायला शिकलेला माणूस, मुष्टियोद्धा, वजन उचलणारी सालकिन, घोडेस्वार, पैलवान. दिग्दर्शक बहुतेक वेळा एकच, एसेनबेक. पडद्यावर त्याचं नाव मोठं यायचं. बक्षीस घ्यायला तोच जायचा आणि परत आला की म्हणायचा, "बुरुल एजे, हे तुमचंच आहे हां." एजे म्हणजे थोरली बहीण. बक्षीस मात्र त्याच्या कपाटात राहायचं.

तिची कामाची एक रीत होती. खेळाडू जिंकतो तो भाग ती पटकन उरकायची. हात वर, झेंडा, हार, झालं. फिल्म मापून मिळायची, त्यातली ती अशी वाचवायची. आणि सगळे दिवे विझवून, वायरी गुंडाळून जेवायला गेले की ही कॅमेरा घेऊन मागे राहायची. एसेनबेक वैतागायचा.

"एजे, संपलं. आता काय घेताय?"

"तू जेव," ती म्हणायची. "तुझं संपलं. त्याचं अजून चाललंय."

एकदा जीपमध्ये मी विचारलं होतं, जिंकलेला माणूस घ्यायला तुला आवडत नाही का. ती म्हणाली, "जिंकल्यावर सगळे एकमेकांसारखे दिसतात रे. तोच जबडा, तेच दात. कोणाचाही फोटो कोणालाही चालेल."

कलमुरात पैलवानावर तिने सगळ्यात जास्त वर्षं काढली. स्टुडिओचा हुकूम एका लहान चित्रपटाचा होता. तो झाला, लागला, लोक विसरले. ती मात्र जातच राहिली. स्टुडिओ बंद पडला, जीप विकली गेली, मी व्हॅन चालवायला लागलो, तरी ती सुट्टीत माझ्या व्हॅनमध्ये पुढच्या सीटवर बसून खिंडीपलीकडे कलमुरातच्या गावी जायची. मांडीवर कॅमेरा. प्रवासी विचारायचे, "काय हो, विकायला चाललात का?"

त्यातल्या एका रिळाला ती "माझं काम" म्हणायची. बाकी सगळं एसेनबेकचं, नाहीतर सरकारचं, एवढं एक माझं. कलमुरात राजधानीतल्या कुस्त्यांच्या मोठ्या दंगलीत हरला, त्यानंतरचं. पाठ टेकली त्याची, सगळ्यांसमोर, आपल्याहून हलक्या पोराकडून. बाकीचे कॅमेरे जिंकणाऱ्यामागे धावले. बुरुलने मला जीप काढायला लावली आणि आम्ही कलमुरातच्या आधी त्याच्या घरी पोचलो.

तो आला आणि अंगणात पालथ्या घातलेल्या टबावर बसला. कपडेसुद्धा बदलले नव्हते. त्याची बायको कानिमबू लांब चोचीच्या भांड्यात कोमट पाणी घेऊन आली आणि त्याची मान धुवायला लागली. कान फाटला होता. तो रडत होता. एवढा मोठा गडी, आवाज नाही, नुसते खांदे हलत होते. ती पाणी ओतत राहिली. भांडं रिकामं झालं, तिने आत जाऊन भरून आणलं, पुन्हा ओतायला लागली. मग तिने त्याचा धड असलेला कान धरून जोरात पिळला, आई पोराचा पिळते तसा, आणि तो रडता रडता हसला. ती पण हसली. तेवढ्यात फिल्म संपली. बुरुल गोठ्याच्या दारात उभी होती आणि मी आत गाईचं तोंड धरून होतो, ती हंबरू नये म्हणून. त्या रिळात माझा वाटा तेवढाच.

त्या रिळाची दुसरी प्रत कधी निघाली नाही.

कलमुरात गेल्या वर्षीच्या शरदात वारला. यंदा वसंतात त्याचा मुलगा मेलिस आमच्याकडे आला. वर्षाच्या आशची, म्हणजे श्राद्धाच्या जेवणाची तयारी सुरू झाली होती. पैलवानाचा आश म्हणजे घोड्यांच्या शर्यती आल्या, कुस्त्या आल्या, चार खोऱ्यांतली माणसं आली. त्याला मोठा पडदा लावून बापाचा चित्रपट दाखवायचा होता.

"शहरातली पोरं आहेत ओळखीची," तो म्हणाला. "जुनं सगळं संगणकावर चढवतात. एजे, तुम्ही रिळांचे डबे द्या, मी माझ्या हाताने परत आणतो."

बुरुलला तेव्हा दम लागत होता. ती पलंगावर उशांना टेकून बसली होती.

"टबावरचा भाग कापायचा नाही," ती म्हणाली.

"कोणता?"

"तुझा बाप रडतो तो."

मेलिसने खाली पाहिलं. मग म्हणाला, "तुमचा शब्द, एजे."

"माझा कसला शब्द? तुझा शब्द दे."

"दिला."

मीच डबे व्हॅनपर्यंत नेऊन दिले. ती खिडकीतून बघत होती. मी वर आल्यावर म्हणाली, "एवढी माणसं एकदम कधी बघणार होती रे ते?" त्या दिवशी ती जेवलीसुद्धा नीट. कलमुरातच्या आशला जायचं म्हणून तिने पांढरा रुमाल धुऊन इस्त्री करून ठेवला होता. आशच्या आधीच ती गेली.

तिला मातीत ठेवायच्या दिवशी अंगणात लोकरी तंबू उभा केला. आत बायका गाऊन रडत होत्या. आमच्यात रडताना मेलेल्या माणसाचे गुण गायचे असतात. मी बाहेर काठीला टेकून उभा होतो आणि ऐकत होतो. तिचा दस्तरखान, जेवण मांडायचं कापड, कधी रिकामा नव्हता, म्हणाल्या. तिच्या हातचा चहा मधासारखा होता, म्हणाल्या. बुरुलचा चहा आमच्या गल्लीत कोणी दुसऱ्यांदा मागत नसे. आणि दस्तरखान कसला, ती महिना महिना घरी नसायची, मी आणि आमची मुलगी, तेव्हा लहान होती, पाव आणि कांदा खायचो. कॅमेऱ्याचा शब्द कोणी काढला नाही. त्यांचं चुकलं असं नाही. बाईसाठीचं गाणं ठरलेलं असतं, त्यात फक्त नाव बदलायचं.

बेकबो माझ्या शेजारी उभा होता. म्हणाला, "सावर. आपले वाडवडील काय म्हणायचे? बायको गेली म्हणजे चाबकाची मूठ मोडली. नवी बसते."

"तू बसव," मी म्हणालो.

"मी बऱ्यासाठी बोलतोय."

"माहीत आहे. म्हणून तर गप्प आहे."

तिने ज्यांच्या जीवनकथा केल्या त्यांच्यातली वजन उचलणारी सालकिन तेवढी आली. सत्तरी ओलांडली आहे तिची, बाजारात सामसे, म्हणजे भट्टीतले मांसाचे समोसे, विकते. तंबूत जाऊन थोडं रडली आणि मग बाहेर येऊन पाण्याचे भरलेले कॅन दोन्ही हातांत घेऊन चुलाणाकडे नेऊ लागली. पोरं म्हणाली, "आज्जे, ठेवा, आम्ही नेतो." ती म्हणाली, "तुम्ही नेताय तोवर गोश्त करपेल." मुष्टियोद्ध्याने फुलं पाठवली. एसेनबेकने फोन केला आणि फोनवर बराच वेळ स्वतःच्या गुडघ्यांबद्दल बोलला.

त्याच दिवशी मी ठरवलं. डबे परत आणायचे. पुढच्या वर्षी बुरुलचा आश होईल तेव्हा अंगणात पडदा लावायचा आणि या सगळ्यांना बसवून ते एक रीळ दाखवायचं. तंबूतल्या बायकांना, बेकबोला, सगळ्यांना. चहा, दस्तरखान काही नको. हे बघा, ही बाई हे करत होती. एवढंच.

तिचा चाळिसावा दिवस झाला आणि मी कलमुरातच्या आशला गेलो.

माणूस मावत नव्हता. डोंगराच्या पायथ्याशी पांढऱ्या तंबूंची रांग, मागे घोडे, धूर. मेलिस दुरून हात करून निघून गेला, त्याला वेळ नव्हता. जेवायला बसलो तेव्हा माझ्यापुढे बरगडीचा लहान तुकडा आला. आमच्याकडे मांसाचं हाड माणसाच्या मानाप्रमाणे येतं. बरगडी म्हणजे कोणाच्या तरी सोबत आलेला. पलीकडे एसेनबेकपुढे मांडीचं हाड होतं. मी ते खाल्लं.

कुस्त्या झाल्या, मग ट्रकच्या बाजूला बांधलेला पडदा सोडला. उन्हं कलली होती, चित्र बऱ्यापैकी दिसत होतं. सुरुवातीला आकाशातून घेतलेले डोंगर. ते बुरुलचे नव्हते. त्यावर ढोलासारखं संगीत. मग कलमुरात. तरुण, जाड मानेचा. ते बुरुलचं होतं, मी ओळखलं. तो जिंकतो. हात वर. झेंडा. पुन्हा जिंकतो. जे ती घाईने उरकायची ते सगळं तिथे होतं, एकामागून एक, हळू केलेलं, पुन्हा पुन्हा. लोक टाळ्या वाजवत होते. राजधानीतली ती दंगल आलीच नाही. टब आला नाही. त्याचं म्हातारपण आलं, नातवंडं आली, आणि संपलं.

मग नावं. दिग्दर्शन एसेनबेक. 'कॅमेरा' या शब्दापुढे शहरातल्या कुठल्या पोराचं नाव, ज्याने डोंगर घेतले असतील. शेवटी आभार मानलेल्यांची नावं होती. शर्यतीला घोडे देणारे, तंबू देणारे, आणि त्यांच्या खाली बुरुलकान.

मी मेलिसला तंबूमागे गाठलं.

"टबावरचा भाग?"

"बाइके, ऐका," तो म्हणाला. थोरल्या माणसाला आमच्याकडे बाइके म्हणतात. त्याचा आवाज बसला होता, दिवसभर माणसांचं स्वागत करून. "मी ठेवला होता. आईशपथ ठेवला होता. गावच्या म्हाताऱ्यांना आधी दाखवला. ते उठूनच गेले. म्हणाले, ज्याचा आश त्याची पाठ जमिनीला लावता? जिवंतपणी लागली ती लागली, मेल्यावर तुम्ही लावणार? मी काय बोलू?"

"शब्द दिला होतास म्हणून बोलायचं."

"त्यांच्यापुढे?" तो म्हणाला. "बाइके, तुम्ही बोलला असतात?"

मी म्हणालो, "बरं, कापलंस. संगणकावर आहे ना? ते दे. आणि डबा दे. मी जातो."

"संगणकावरून म्हाताऱ्यांनी समोर बसून पुसायला लावलं. डबा आईकडे आहे. बाकीचे डबे आजच न्या तुम्ही, मी भरून ठेवलेत."

कानिमबू घरामागे बसली होती. तिने पांढरा रुमाल बांधला होता. त्या सकाळीच तिचे वर्षभराचे काळे कपडे उतरवले होते, आणि आमच्यात ते कपडे जाळतात. राख अजून गरम होती. मी तिला जेंगे, म्हणजे वहिनी, म्हणतो, कलमुरात मला थोरल्या भावाच्या जागी म्हणून. तिने मला बुरुलबद्दल विचारलं, दुवा मागितली, तोंडावरून हात फिरवला. मी पण फिरवला.

"जेंगे, मी डब्यासाठी आलोय."

ती राखेकडे बघत राहिली. राखेत कडेला पत्र्याचं एक गोल झाकण होतं, वाकडं झालेलं. तेव्हा मला वास कळला. काळ्या लोकरीचा नव्हता तो.

"कपड्यांबरोबर टाकलं," ती म्हणाली. "वर्षाचं रडणं आज संपवायचं असतं. ते पण रडणंच होतं ना?"

मी जमिनीवरच बसलो.

"ते बुरुलचं होतं," मी म्हणालो.

"बुरुलचं?" ती माझ्याकडे वळली. "अंगण माझं. नवरा माझा. पाणी मी ओतत होते. तो माझ्याशिवाय कोणापुढे रडला नव्हता रे, आईपुढेसुद्धा नाही. तुझी बायको गोठ्यात उभी आहे हे मला दिसलं तेव्हा ती डबा बंद करत होती. कोणी विचारलं मला?"

"तुम्ही तेव्हा काही बोलला नाहीत."

"पाहुणीला काय बोलणार? चहा दिला."

हे खरं होतं. चहा दिला होता तिने. बुरुलने दोन वाट्या प्याल्या होत्या आणि परतीच्या वाटेवर जीपमध्ये गात होती. तिला गाता येत नसे.

 मैदानावर शर्यतीचे घोडे परत येत होते, माणसं ओरडत होती. कानिमबूने काडीने ते झाकण राखेत ढकललं.

"चांगलं होतं का?" तिने विचारलं. "मी पूर्ण बघितलं नाही कधी. मेलिसने म्हाताऱ्यांना दाखवलं तेव्हा मी दारातून बघितलं. मी त्याचा कान पिळते तिथपर्यंत बघितलं आणि आत गेले."

"त्याच्यापुढे काही नाही. तुम्ही दोघं हसता आणि संपतं."

"हसतो?"

"हसता."

तिने तोंडावर रुमाल घेतला. मला राग होता आणि तो गेला नव्हता, आजही गेलेला नाही. पण तिच्यावर ओरडून काय करणार? ओरडायला हवं होतं त्या म्हाताऱ्यांवर, आणि ते तंबूत मानाची हाडं चोखत बसले होते. उद्या मी मेलो तर माझ्याही वेळी तेच येऊन पक्षी उडाला म्हणून सांगणार.

मग मी तिला विचारलं. पुढच्या उन्हाळ्यात बुरुलचा आश आहे. दाखवायला माझ्याकडे काही उरलं नाही. त्या अंगणात आम्ही चौघं होतो, दोघं गेले. मी तर गाय धरून होतो, मला दारातून अर्धंच दिसलं, बाकी मी रिळातच पाहिलं. तुम्ही या आणि लोकांपुढे सांगा, त्या रिळात काय होतं. टब, पाणी, कान, सगळं. आणि ते कोणी घेतलं ते.

"चार माणसांत माझ्या नवऱ्याचं रडणं सांगू?" ती म्हणाली. "जाळलं कशासाठी मग?"

"तुमचं तुम्ही ठरवा."

"म्हातारे काय म्हणतील?"

"आमच्या गल्लीतले म्हातारे वेगळे आहेत."

"सगळीकडचे एकच असतात," ती म्हणाली आणि उठली. जाताना तिने आतून मांस बांधून आणून दिलं. घरी येऊन सोडलं तर मांडीचं हाड होतं. ते तिने आपल्या वाट्यातलं दिलं असणार.

बाकीचे डबे मी आणले. ते पलंगाखाली आहेत. त्यांत कलमुरात जिंकतो.

बेकबो परवा आला होता आशचं विचारायला. कापायला घोडी बघून ठेवली आहे म्हणाला, तंबू कोचकोरहून येईल, आचारी सांगितला आहे. पडद्याचं काय, त्याने विचारलं, भाड्याने मिळतो, आत्ताच सांगावं लागतं.

मी त्याला थांब म्हणालो. कोचकोरहून पुढे कानिमबूच्या गावाला जाणाऱ्या ड्रायव्हरबरोबर मी दर खेपेला निरोप पाठवतो. ती चहा पाठवते, सुकवलेलं दही पाठवते, तब्येत विचारते. येते म्हणून अजून सांगितलेलं नाही, आणि येत नाही म्हणूनही नाही. बाकी सगळं ठरलं आहे. बुरुल काय करत होती हे लोकांना कोण सांगणार, तेवढं ठरायचं राहिलं आहे.